संगीत नाटकाला हवा मुक्काम

पुणे आणि मिरज या दोन्ही शहरांतील नाट्यगृहांना बालगंधर्वांचे नाव आहे. कोल्हापूरच्या नाट्यगृहाला संगीतसूर्य केशवराव भोसले यांचे, विलेपार्ल्याच्या नाट्यगृहाला मास्टर दीनानाथ मंगेशकर यांचे, तर नागपूरच्या सभागृहाला डॉ. वसंतराव देशपांडे यांचे नाव आहे. गायक नटांबद्दल एवढी कृतज्ञता दाखविणारा दुसरा प्रांत भारतात क्वचितच सापडेल. मात्र या वास्तूंच्या प्रयोगांच्या जाहिराती वर्षभर चाळल्या, तर संगीत नाटक अपवादानेच आढळते. विनोदी नाटके, वाद्यवृंद, शाळांची स्नेहसंमेलने आणि राजकीय मेळावे या सर्वांना तारखा मिळतात. ज्या नाट्यप्रकारामुळे ही नावे भिंतीवर लागली, तोच तेवढा पाहुण्यासारखा येतो आणि एका रात्रीत निघून जातो.

या विसंगतीकडे पुन्हा लक्ष वेधले गेले ते एका दुर्घटनेने. राजर्षी शाहू महाराजांनी उभारलेले आणि १९१५ मध्ये 'पॅलेस थिएटर' म्हणून सुरू झालेले कोल्हापूरचे केशवराव भोसले नाट्यगृह ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री आगीच्या भक्ष्यस्थानी पडले. दुसऱ्याच दिवशी केशवरावांची जयंती होती. वास्तू पूर्ववत व्हावी, ही मागणी तातडीने पुढे आली आणि ती रास्तच होती. परंतु दगड, लाकूड आणि छप्पर यांच्या जोडीला आणखी एक प्रश्न विचारायला हवा. अशा रंगमंचावर संगीत नाटक येणार कसे, कोणाच्या जोखमीवर येणार आणि किती दिवस राहणार?

संगीत नाटक मागे पडले याची कारणे सांगताना आपण बहुधा अभिरुचीपाशी थांबतो. प्रेक्षक म्हातारा झाला, नव्या पिढीला नाट्यपदे कळत नाहीत, गाणारे नट उरले नाहीत, असे म्हटले जाते. त्यात तथ्य नाही असे नाही. पण हे निदान पुरे पडत नाही. 'कट्यार काळजात घुसली' हे १९६७ चे नाटक २०१५ मध्ये चित्रपटरूपाने आले, तेव्हा तरुणांनीही ते डोक्यावर घेतले. नाट्यगीतांच्या मैफलींना आजही चांगली गर्दी होते. म्हणजे गाण्याला श्रोता आहे, पण त्याच गाण्याभोवती उभ्या असलेल्या नाटकाला प्रयोग मिळत नाही. याचे उत्तर सौंदर्यशास्त्रात शोधण्याआधी हिशेबाच्या वहीत शोधले पाहिजे.

एका रात्रीचा जमाखर्च

गावोगावी जाणाऱ्या नाटकाचा आजचा व्यवहार एका प्रयोगाभोवती फिरतो. निर्माता स्वतः नाट्यगृह भाड्याने घेऊन तिकीटविक्री करतो किंवा स्थानिक कंत्राटदार ठरावीक रकमेला प्रयोग विकत घेतो. नट, साथीदार आणि पडद्यामागचे कामगार यांना प्रत्येक प्रयोगाची 'नाइट' मिळते. नाट्यगृह मिळते एका सत्रापुरते. दुपारच्या सत्रात दुसराच कार्यक्रम असेल, तर रात्रीच्या नाटकाचे नेपथ्य लावायला, प्रकाशयोजना जुळवायला आणि ध्वनी तपासायला हाताशी जेमतेम दोन-तीन तास उरतात. गद्य नाटक त्यात कसेबसे बसते. संगीत नाटकाची मात्र कोंडी होते.

हिशेबासाठी एक उदाहरण घेऊ. समजा, आठशे आसनांचे नाट्यगृह आहे आणि तिकिटाची सरासरी किंमत ३०० रुपये आहे. साठ टक्के आसने भरली, तर गल्ला १ लाख ४४ हजार रुपयांचा होतो. पाच-सहा पात्रांचे गद्य नाटक कामगारांसह बारा-चौदा जणांत दौरा करते. 'सौभद्र' किंवा 'मानापमान' यांसारख्या नाटकाला चौदा-पंधरा पात्रे, ऑर्गन आणि तबल्याचे साथीदार, वेशभूषा-रंगभूषा सांभाळणारी माणसे आणि कामगार धरले तर पंचवीस जण लागतात. बस मोठी लागते, राहण्याच्या खोल्या दुप्पट लागतात, सामानाचा टेम्पो भरून वाहतो. आसनांची संख्या मात्र तितकीच राहते. उत्पन्न तेच आणि खर्च जवळपास दुप्पट, हा संगीत नाटकाच्या दौऱ्याचा मूळ पेच आहे.

तिकीट वाढवावे, हा सरळ वाटणारा उपायही तितका सरळ नाही. नाटकाचे तिकीट ५०० रुपयांपर्यंत असेल तर त्यावर वस्तू व सेवा कर लागत नाही. त्यापलीकडे गेले की लागतो. शिवाय जिल्ह्याच्या ठिकाणी चौघांचे कुटुंब दोन-अडीच हजार रुपये मोजून नाटकाला येईल, अशी अपेक्षा धरणे धाडसाचे ठरते.

मग निर्माते काय करतात? नाटक लहान करतात. प्राजक्त देशमुख लिखित-दिग्दर्शित 'संगीत देवबाभळी' हे अलीकडच्या काळातील सर्वाधिक गाजलेले संगीत नाटक. २०१७ च्या अखेरीस व्यावसायिक रंगभूमीवर आलेल्या या नाटकाने २०२३ मध्ये पाचशेव्या प्रयोगाचा टप्पा गाठला. त्यात अभिनेत्री दोनच. ती लेखकाच्या आशयाची गरज होती आणि त्या मर्यादेतून अस्सल कलाकृती घडली, हे निःसंशय. परंतु व्यवसायाच्या अंगाने पाहिले, तर दोन पात्रांचे नाटक गावोगावी नेता येते आणि पंधरा पात्रांचे नेता येत नाही, ही गोष्टही तितकीच खरी. बसमध्ये मावेल एवढेच नाटक लिहायचे, असा अलिखित नियम झाला तर उद्याचा 'संशयकल्लोळ' लिहिलाच जाणार नाही. मैफलीचेही तेच. चार-पाच माणसांत नाट्यपदांचा कार्यक्रम होतो म्हणून पदे टिकतात आणि त्यांचे नाटक गळून पडते.

पूर्वी हे कसे जमत होते?

अण्णासाहेब किर्लोस्करांचे 'संगीत शाकुंतल' १८८० मध्ये पुण्यात रंगभूमीवर आले. त्यानंतरच्या अर्धशतकात संगीत नाटक मंडळ्या महाराष्ट्रभर, आजच्या उत्तर कर्नाटकात आणि बडोदे-इंदूरपर्यंत फिरल्या. मंडळी गावात येई ती एका रात्रीसाठी नव्हे, मुक्कामासाठी. काही आठवडे, प्रसंगी त्याहूनही अधिक काळ बिऱ्हाड थाटले जाई आणि आलटून पालटून चार-सहा नाटके होत. सामान एकदाच उतरे. पहिल्या प्रयोगाची कीर्ती तिसऱ्या प्रयोगाला गर्दी आणी. गावातील रसिक एकच नाटक पुन्हा पाहत, कारण आज बुवांचा गळा कसा लागतो याची उत्सुकता असे. पुण्या-मुंबईबाहेर नाट्यसंगीताचा कान तयार झाला तो या मुक्कामांमुळे.

या इतिहासाचे उदात्तीकरण करण्याचेही कारण नाही. मंडळीचा सारा कबिला पगारावर असे आणि प्रयोग होवो न होवो, भटारखाना चालूच राही. १९१३ मध्ये स्थापन झालेल्या गंधर्व नाटक मंडळीने वैभवाचे शिखर गाठले, तसा कर्जाचा डोंगरही पाहिला. १९३० नंतर बोलपट आले आणि हा डोलारा कोसळला. १९३५ मध्ये बालगंधर्व स्वतः 'प्रभात'च्या 'धर्मात्मा' चित्रपटात दिसले. १९६० नंतर 'पंडितराज जगन्नाथ', 'मत्स्यगंधा', 'कट्यार' यांनी संगीत नाटकाला नवी उभारी दिली खरी. परंतु तोवर व्यवहार बदललेला होता. पगाराच्या जागी नाइट आली आणि मुक्कामाच्या जागी धावता दौरा आला. पगारी कबिल्याचा बोजा गेला हे चांगले झाले. त्याच्याबरोबर मुक्कामही गेला, हे मात्र नुकसान झाले.

म्हणून आज गरज आहे ती मंडळी परत आणण्याची नव्हे, मुक्काम परत आणण्याची. वरचेच उदाहरण पुढे नेऊ. त्याच गावात, त्याच नाट्यगृहात सलग तीन रात्री प्रयोग झाले आणि पहिल्या रात्री तीनशे, दुसऱ्या रात्री पाचशे, तिसऱ्या रात्री साडेसहाशे प्रेक्षक आले, असे धरू. पहिल्या रात्रीवरच डाव संपला असता तर तो तोट्याचा ठरला असता. तीन रात्रींचा गल्ला मात्र ४ लाख ३५ हजारांचा होतो आणि वाहतूक, नेपथ्याची उभारणी, जाहिरात हे खर्च एकदाच करावे लागतात. नाइटचा खर्च तिप्पट होतो, पण ती कलावंतांची मिळकत आहे. शिवाय गायक नटाला रात्रीच्या प्रयोगानंतर बसमध्ये जागरण करून दुसऱ्या गावी गळा काढावा लागत नाही. गाण्याच्या दर्जाशी या गोष्टीचा थेट संबंध आहे.

अर्थात, तिसऱ्या रात्री साडेसहाशेऐवजी दोनशेच आले तर? ही जोखीम कोणी घ्यायची, हाच कळीचा मुद्दा आहे. अमेरिकेतील मध्यम शहरांत ब्रॉडवेच्या फिरत्या संगीतिका बहुधा आठवडाभर मुक्काम करतात, त्या स्थानिक प्रस्तुतकर्त्याच्या बळावर. तो निर्मात्याला ठरावीक रकमेची हमी देतो, वरच्या उत्पन्नात वाटा घेतो आणि हंगामाची वर्गणी आगाऊ गोळा करतो. पहिला पडदा उघडण्याआधीच आसनांचा मोठा भाग विकला गेलेला असतो. २०२३ मध्ये मुंबईच्या नीता मुकेश अंबानी सांस्कृतिक केंद्रात 'साउंड ऑफ म्युझिक' आले, तेही सलग मुक्कामाला. मोठे संगीत नाट्य एका रात्रीपुरते येत नसते, हे साधे व्यावसायिक तत्त्व तेथे कोणाला पटवून द्यावे लागले नाही. तेथील तिकिटे आणि भांडवल आपल्या तालुक्याच्या गावाला झेपणारे नाही, पण तत्त्व झेपण्याजोगे आहे.

वर्गणीवर कला जगवण्याची रीत आपल्याला परकी नाही. गावोगावच्या व्याख्यानमाला आणि संगीत मंडळे याच रीतीने चालतात. गोव्यात तर देवळांच्या उत्सवांत गावकरी आपल्या खर्चाने संगीत नाटके उभी करतात. तिकिटाचा प्रश्नच येत नाही, कारण जोखीम साऱ्या गावाने वाटून घेतलेली असते. सांगली, रत्नागिरी, नाशिक, सोलापूर अशा शहरांतील एखाद्या संस्थेने वर्षाला दोन संगीत नाटके, प्रत्येकी तीन प्रयोग, अशी सभासद योजना आखली आणि आठ-दहा शहरे एकत्र येऊन दौरा ठरवू लागली, तर निर्मात्याला महिनाभराच्या तारखांची शाश्वती मिळेल.

येथे शासन आणि पालिका यांची कसोटी आहे. बहुतेक नाट्यगृहे पालिकांच्या मालकीची आहेत. भाडे किती आणि तारखा कोणाला, हे त्यांच्याच हाती आहे. संगीत नाटकाला सलग तीन दिवस पूर्णवेळ रंगमंच देणे, दुसऱ्या-तिसऱ्या दिवसाचे भाडे नाममात्र ठेवणे आणि एकदा दिलेली तारीख ऐनवेळी अन्य कार्यक्रमासाठी काढून न घेणे, एवढे तीन नियम केले तरी पुष्कळ होईल. राज्य शासनाची संगीत नाट्य स्पर्धा दरवर्षी होते. तिच्यासाठी हौशी मंडळी महिनोन्‌महिने तालमी करतात आणि बहुतेकांचे श्रम एक-दोन प्रयोगांत संपतात. पारितोषिकाच्या रकमेबरोबर तीन शहरांतील तीन-तीन दिवसांचे मुक्काम विजेत्यांना दिले, तर स्पर्धेतून निघालेले नाटक प्रेक्षकांपर्यंत पोहोचेल. अनुदानही केवळ प्रयोगसंख्येवर न देता मुक्कामाशी जोडता येईल.

यात विलंबाला जागा नाही. ऑर्गनवर नाट्यपदांची साथ करणारे हात, पदाची जागा आणि संवादाचा सूर दोन्ही सांभाळणारे नट, रंगपटातले जुने जाणकार यांची विद्या पुस्तकांतून शिकता येत नाही. ती प्रयोगामागून प्रयोग करतानाच पुढच्या पिढीकडे जाते. वर्षाकाठी पाच-दहा सुटे प्रयोग मिळाले तर हौस टिकते, पण व्यवसाय टिकत नाही. आणि व्यवसाय नसेल तर गुणी तरुण गायक मैफलीकडे आणि दूरचित्रवाणीकडे वळणारच. त्याला दोष कसा द्यावा?

संगीत नाटकाला आपण सन्मान भरपूर दिला आहे. जयंत्या साजऱ्या केल्या, पुरस्कार दिले, नाट्यगृहांना नावे दिली. आता त्याच नाट्यगृहांत त्याला सलग तीन रात्री राहू दिले पाहिजे.