सकाळी उरते काय?

दिवाळी संपली, असे आमच्या झाडीपट्टीत फारसे कोणी म्हणत नाही. मंडई लागली, असे म्हणतात. धानाची कापणी उरकत आली, शेतकऱ्याच्या हाती दोन पैसे खुळखुळू लागले, की चंद्रपूर-गडचिरोलीच्या गावोगावी दिवसा शंकरपट आणि रात्री नाटक. वडशाच्या नाटक कंपन्यांना मग होळीपर्यंत श्वास घ्यायला फुरसत नसते.

नाटकातला नट गावाला आठवतो. निर्माता मात्र कोणाच्याच लक्षात राहत नाही. वास्तविक गावच्या मंडळाशी प्रयोगाचा ठराव करायचा त्याने, नटांना आगाऊ रक्कम द्यायची त्याने, आणि पडदे, दिवे, वाजंत्री घेऊन रोज नवे गाव गाठायचेही त्यानेच. रात्री उशिरा उघडलेला पडदा पहाटे पडतो. मध्ये काही चुकले तर ‘पुन्हा एकदा घेऊ’ म्हणण्याची सोय नाही. प्रॉम्प्टर आहे, आणि वर देव आहे!

दूरचित्रवाणीच्या आरंभी तिथल्या नाट्यनिर्मात्यांचीही हीच गत होती, हे वाचकांना ठाऊक असेलच असे नाही. बी. बी. सी.चे निर्माते रुडॉल्फ कार्टिअर यांनी 12 डिसेंबर 1954च्या रविवारी ऑर्वेलच्या ‘नाइन्टीन एटी-फोर’चे नाटक थेट प्रक्षेपित केले. गुरुवारी ते पुन्हा दाखवायचे होते, तर सगळ्या नटांनी ते पुन्हा पहिल्यापासून केले! गुरुवारचा प्रयोग फिल्मवर उतरवून ठेवला, म्हणून तो आज पाहता येतो. रविवारचा हवेत गेला. त्याआधी 1953 साली त्यांनी केलेल्या ‘क्वाटरमास एक्स्परिमेंट’च्या सहा भागांपैकी पहिले दोनच उरले आहेत.

आपल्याकडे दिल्लीत 1959 साली दूरचित्रवाणी सुरू झाली. तिच्या अगदी पहिल्या निर्मात्यांत आपले पु. ल. देशपांडे होते. 1972 साली मुंबई केंद्र निघाले. घरोघर पेटी आली की तंबूतले नाटक बुडणार, असा कयास पुष्कळांचा होता. झाडीपट्टीने तो खोटा ठरविला.

कुरखेडा तालुक्यातल्या गुरनोलीचे नट परशुराम खुणे यांना 2023 साली पद्मश्री मिळाली, तेव्हा साऱ्या मुलखाची मान ताठ झाली. मला मात्र तेव्हापासून एक काळजी लागली आहे. नटाचा गौरव झाला, छान झाले. पण निर्मात्यांच्या ठरावाच्या वह्यांचे काय? कोणत्या गावी कोणते नाटक झाले, कोणाला किती बिदागी दिली, कोणत्या साली पावसाने धान गेले आणि प्रयोग रद्द झाले, हा आमच्या रंगभूमीचा खरा इतिहास त्या वह्यांत आहे. म्हातारा निर्माता गेला की वही रद्दीत जाते. प्रयोग तर पहाटेच गेलेला असतो.

तेव्हा वाचकहो, यंदा दिवाळीची झाडझूड करताना एखादी जुनी वही, एखादे नाटकाचे पत्रक हाती लागले, तर ते रद्दीवाल्याला देऊ नका. बी. बी. सी.चा गुरुवार वाचला; आपला एखादा तरी वार वाचू द्या.