हौशीपणाची व्याख्या आणि पंधरा वर्षांचा मुलगा

१२ एप्रिल २०२४ रोजी अमेरिकेतील सेंट पॉल शहरात बॉस्टन विद्यापीठाच्या मॅकलिन सेलेब्रिनी या सतरा वर्षांच्या विद्यार्थ्यास ‘होबी बेकर’ पारितोषिक जाहीर झाले. अमेरिकी महाविद्यालयांतील सर्वश्रेष्ठ आइस हॉकीपटूस १९८१ पासून दिले जाणारे हे पारितोषिक इतक्या लहान वयात त्यापूर्वी कोणासही मिळालेले नव्हते. आदल्याच दिवशी त्याच शहरात त्याचा संघ राष्ट्रीय स्पर्धेच्या उपांत्य सामन्यात डेन्व्हर विद्यापीठाकडून जादा वेळेत २-१ असा पराभूत झाला होता. ज्याच्या नावाने हे पारितोषिक दिले जाते, तो होबी बेकर प्रिन्स्टन विद्यापीठाचा खेळाडू. पैसे घेऊन खेळणे त्याने नाकारले आणि १९१८ साली फ्रान्समध्ये विमान कोसळून त्याचा अंत झाला. हौशी क्रीडावृत्तीचे मूर्तिमंत प्रतीक म्हणून त्याचे नाव घेतले जाते. ते पारितोषिक स्वीकारणाऱ्या या विद्यार्थ्याने मात्र तीन महिन्यांच्या आत, ६ जुलै रोजी, सॅन होजे शार्क्स या व्यावसायिक संघाशी करार केला.

यात सेलेब्रिनीला दोष देण्याजोगे काही नाही. विचार करावयाचा तो त्याला त्या व्यासपीठापर्यंत नेणाऱ्या नियमांचा. कारण सात महिन्यांच्या आतच त्या नियमांचा मुख्य खांब निखळला.

सेलेब्रिनीचा जन्म २००६ चा, कॅनडातील नॉर्थ व्हँकूव्हरचा. कॅनडात हा खेळ जवळजवळ राष्ट्रधर्मच असल्याने तेथील गुणी मुलास पंधराव्या-सोळाव्या वर्षीच दोन वाटांपैकी एक धरावी लागे. पहिली वाट कॅनेडियन हॉकी लीगची. या संघटनेच्या तीन कनिष्ठ लीगमध्ये सोळा ते वीस वर्षांची मुले हंगामात साठ-सत्तर सामने खेळतात. त्यांना हातखर्चापुरता भत्ता मिळतो, आणि व्यावसायिक संघांशी आधीच करार केलेले काही खेळाडूही त्यांच्यात असतात. एवढ्या दोन कारणांवरून अमेरिकेच्या नॅशनल कॉलेजिएट ॲथलेटिक असोसिएशनने या संपूर्ण संघटनेस व्यावसायिक ठरविले होते. तेथे खेळलेल्या मुलास अमेरिकी महाविद्यालयाच्या संघाचे दार बंद होई. दुसरी वाट म्हणजे तिकडे पाऊलही न टाकता, विनामोबदला खेळविणाऱ्या संघांतून महाविद्यालयाची प्रतीक्षा करणे.

सेलेब्रिनीने दुसरी वाट धरली. २०२१ मध्ये सिॲटलच्या कनिष्ठ संघाने त्याची निवड केली होती. तो तेथे गेला नाही. मिनेसोटातील एका निवासी शाळेतून तो शिकागो स्टील या संघात आला आणि २०२२-२३ च्या हंगामात ५० सामन्यांत त्याने ४६ गोल केले. पुढे बॉस्टन विद्यापीठात ३८ सामन्यांत ३२ गोल व तितकेच साहाय्य. त्या वर्षी अमेरिकी महाविद्यालयीन आइस हॉकीतील तो सर्वांत लहान खेळाडू होता, आणि प्रतिस्पर्ध्यांत बावीस-तेवीस वर्षांचे पुरुष होते. महाविद्यालयात सामने थोडे आणि बहुधा शनिवार-रविवारच्या सुमारास, त्यामुळे आठवडाभर सराव आणि शरीर कमावण्यास सवड मिळते. कोवळ्या वयाच्या खेळाडूस हा लाभ लहान नव्हे. त्याच संघात त्याचा थोरला भाऊ एडनही होता. करारापूर्वी आणखी एक वर्ष विद्यापीठातच राहावे काय, याचा त्याने विचार केला होता, ही गोष्ट म्हणूनच पटण्यासारखी आहे.

परंतु ही निवड सुजाणपणे करणारे घर कसे होते, हेही पाहिले पाहिजे. त्याचे वडील रिक सेलेब्रिनी हे गोल्डन स्टेट वॉरियर्स या विख्यात बास्केटबॉल संघाच्या क्रीडावैद्यक विभागाचे प्रमुख. मुलाचे शरीर कधी भरेल, कोणत्या वयात किती सामने झेपतील, हे ज्याला व्यवसायानेच कळते असा पिता कितीजणांना लाभतो? सस्कॅचेवानच्या एखाद्या गावातील शेतकऱ्याच्या मुलाला भत्ता आणि कीर्ती समोर दिसत असे. पाच वर्षांनंतरच्या पदवीचा हिशेब त्याच्यापुढे कोण मांडणार? नियम सर्वांना सारखा होता. त्याची शिक्षा मात्र सर्वांना सारखी भोगावी लागत नव्हती.

ऑगस्ट २०२४ मध्ये एका तरुणाने बफलोच्या संघीय न्यायालयात दावा लावला. सोळाव्या वर्षी तो कॅनडातील एका कनिष्ठ संघाकडून दोन प्रदर्शनीय सामने खेळला होता. तेवढ्यावरून महाविद्यालयीन खेळास तो अपात्र ठरला. दावा दाखल झाल्यास तीन महिनेही झाले नव्हते तोच, ७ नोव्हेंबर रोजी, असोसिएशनने बंदी उठविण्याच्या बाजूने मत दिले. आवश्यक खर्चाहून अधिक रक्कम घेतलेली नसावी एवढीच अट ठेवून १ ऑगस्ट २०२५ पासून दार उघडले.

हे औदार्य होते असे समजण्याचे कारण नाही. जुलै २०२१ पासून महाविद्यालयीन खेळाडूंना आपल्या नावावर व छबीवर जाहिरातीतून पैसे मिळविण्याची मुभा होती. जून २०२५ मध्ये न्यायालयाने मंजूर केलेल्या तडजोडीने तर विद्यापीठे स्वतःच खेळाडूंना पैसे देऊ लागली. पहिल्या वर्षाची मर्यादा प्रत्येक विद्यापीठास सुमारे दोन कोटी पाच लाख डॉलर. लाखो डॉलर घेणारा विद्यार्थी हौशी आणि खिशातल्या भत्त्यावर बसने दौरे करणारा सोळा वर्षांचा मुलगा व्यावसायिक, ही विसंगती कोणत्याही न्यायासनापुढे फार काळ टिकली नसती.

परिणाम लगेच दिसले. कॅनेडियन लीगचा २०२५ चा सर्वोत्कृष्ट खेळाडू, युकॉनचा गॅव्हिन मॅकेना, त्याच वर्षी पेन स्टेट विद्यापीठात दाखल झाला. पंधराव्या वर्षी धरलेली वाट सतराव्या वर्षी बदलता येते, हे सेलेब्रिनीच्या पिढीला ठाऊक नव्हते. न्याय झाला, पण जागा वाढल्या नाहीत. तडजोड स्वीकारणाऱ्या विद्यापीठांना संघात २६ जणांची मर्यादा आहे आणि वरच्या श्रेणीतील संघ साठ-पासष्टच. कॅनडाहून येणारा प्रत्येक तयार खेळाडू कोणातरी एकाची जागा घेतो. आणि तो बहुधा एकोणीस-वीस वर्षांचा, जुन्या नियमांवर विसंबून विनामोबदला खेळत प्रवेशाची वाट पाहत राहिलेला मुलगा असतो.

झळ कॅनडातील विद्यापीठांनाही पोहोचणार. कनिष्ठ लीगमध्ये खेळलेल्या प्रत्येक वर्षामागे एका वर्षाच्या शिक्षणाचा खर्च देण्याची तेथे प्रथा आहे. एकविसाव्या वर्षी व्यावसायिक संघाने न निवडलेली मुले त्या आधारावर मायदेशीच्या विद्यापीठांत येत, तेथे खेळत आणि पदवी घेऊन बाहेर पडत. त्या विद्यापीठांचे संघ मुख्यतः अशा मुलांवरच उभे होते. आता त्यांतील बरे खेळाडू सीमेपलीकडून येणाऱ्या बोलावण्याची वाट पाहू लागले आहेत, आणि त्या बोलावण्यात शिक्षणाचा भाग किती व तिकीटविक्रीचा किती, हे त्यांना विचारावेसे वाटण्याचे वय अजून झालेले नाही.