कपिलधारचे मन्मथस्वामी : यात्रेपलीकडचा पाठ

शिक्षक मित्रांनो आणि पालकहो, मांजरसुंब्याजवळचं कपिलधार आपल्या बीड जिल्ह्यातल्या मुलांना चांगलं माहीत असतं. पावसाळ्यातला धबधबा, मन्मथस्वामींची समाधी आणि कार्तिक पौर्णिमेची यात्रा. लातूर-नांदेडकडून पायी येणाऱ्या दिंड्याही त्यांनी पाहिलेल्या असतात. पण मन्मथस्वामींनी काय केलं, असं विचारलं की बहुतेक मुलं गप्प बसतात. खरं सांगायचं तर आपल्यापैकी अनेकांचंही तसंच आहे.

मन्मथस्वामी हे सोळाव्या शतकातले वीरशैव संतकवी. बाराव्या शतकात महात्मा बसवण्णांनी आणि शरणांनी आपला विचार कन्नड वचनांतून मांडला. शास्त्रग्रंथ संस्कृतात होते. मराठी बोलणाऱ्या साध्या माणसाने मग काय वाचायचं? मन्मथस्वामींनी 'परमरहस्य' हा ग्रंथ मराठी ओवीत लिहिला आणि हे तत्त्वज्ञान आपल्या भाषेत आणलं. मातृभाषेतून शिक्षण म्हणजे काय, याचं यापेक्षा जवळचं उदाहरण आपल्याला कुठे मिळणार?

आणि ते एकटे नाहीत. 'विवेकसिंधु' लिहिणाऱ्या मुकुंदराजांची समाधी अंबाजोगाईला आहे. लांबलचक कापडावर 'पासोडी' लिहिणारे दासोपंतही तिथलेच. आपल्या जिल्ह्याची ओळख दुष्काळ आणि ऊसतोड एवढीच का राहावी?

आता मुख्य अडचण. काही शिक्षक म्हणतात, "हा एका समाजाचा विषय आहे, वर्गात नको." ही काळजी चुकीची नाही. पूर्णपणे सरकारी खर्चाने चालणाऱ्या शाळेत धार्मिक शिक्षण देता येत नाही, असं आपल्या संविधानाचं कलम २८ सांगतं. ते पाळलंच पाहिजे. पण पूजा करायला शिकवणं वेगळं आणि एखाद्या माणसाने काय विचार केला ते समजून घेणं वेगळं. पहिलं काम घराचं, दुसरं शाळेचं. आपण दुसरं काम सोडून देतो, म्हणून विचारवंताचा फक्त फोटो उरतो आणि तो फोटोही एकाच समाजाचा होऊन बसतो.

दुसरी शंका असते, "एवढ्या लहान मुलांना तत्त्वज्ञान झेपेल का?" अहो, 'देव कुठे राहतो?' हा प्रश्न पहिलीतलं लेकरूसुद्धा विचारतं. वीरशैव परंपरेत इष्टलिंग अंगावर धारण करतात. भक्त, महेश, प्रसादी, प्राणलिंगी, शरण आणि ऐक्य अशा सहा पायऱ्या सांगतात. शेवटच्या पायरीवर भक्त आणि शिव वेगळे उरत नाहीत. हे पटवून द्यायचं नाही. एवढंच विचारायचं, "देव इतका जवळ आहे असं मानणारा माणूस इतरांशी कसा वागेल?"

इथून नीतीचा पाठ आपोआप सुरू होतो. याच परंपरेच्या पंचाचारांत सदाचार आहे, म्हणजे कष्टाने, सरळ मार्गाने पोट भरणं. भृत्याचार आहे, म्हणजे नम्रपणे सगळ्यांची सेवा करणं. इयत्ता तिसरीच्या परिसर अभ्यासात जिल्हा शिकवताना असे प्रश्न सहज घेता येतात :

१. तुझ्या घरचे कोणते कष्ट करतात? त्यातलं कोणतं काम हलकं आहे का? का?
२. कुणी बघत नसताना खरं वागायचं कशासाठी?
३. अवघड गोष्ट आपल्या भाषेत सांगितली तर कुणाचा फायदा होतो?

उत्तरं फळ्यावर लिहा, पण बरोबर-चूक अशी खूण करू नका. ऊसतोड कामगाराचं लेकरू पहिल्या प्रश्नाला काय सांगतं, ते सगळ्या वर्गाने ऐकायला हवं.

पालकांनाही एक विनंती. यंदा कपिलधारला गेलात तर दर्शन झाल्यावर मुलांना पाच मिनिटं घेऊन बसा. हे स्वामी कवी होते, विचार करणारे होते, आणि आपल्यासारखंच मराठी बोलणाऱ्यांसाठी त्यांनी लिहिलं, एवढं तरी सांगा. मग मुलं प्रश्न विचारतील. तेव्हा त्यांना गप्प करू नका.