कब्जाच्या अपिलांतील नजिरा

साताऱ्याच्या शनिवार पेठेतील किंवा सांगलीच्या गणपती पेठेतील एखादा गाळा खाली करून मागणारा दावा जेव्हा जिल्हा न्यायालयात अपिलास येतो, तेव्हा उभय पक्षांचे वकील नजिरांचे गठ्ठे पुढे मांडतात. आणि ते पाहून कित्येक सुविद्य गृहस्थ असे प्रतिपादन करतात की, घरमालक व भाडेकरू यांचा प्रत्येक कज्जा स्वतंत्र असल्यामुळे परक्या मुलखातील दुकानाविषयीचा निवाडा येथील न्यायाधीशाच्या हातात बेडीसारखा अडकवणे, हे न्यायबुद्धीचे नसून पोथीनिष्ठेचे लक्षण होय.

या मतात सत्यांश आहे. मालकाची गरज खरी ठरली, तरी कब्जा दिल्याने भाडेकरूची होणारी अडचण न दिल्याने मालकाच्या होणाऱ्या अडचणीहून अधिक असेल तर हुकूमनामा होऊ नये, असे 1947 च्या भाडेकायद्याने कलम 13(2) मध्ये सांगितले व 1999 च्या कायद्याने कलम 16(2) मध्ये कायम ठेवले. हळदीच्या अडत्याला पेठेत दुसरा गाळा मिळेल की नाही, याचे उत्तर पुराव्यातच शोधावे लागते. कोणतीही नजीर ते देऊ शकत नाही.

परंतु एवढ्यावरून नजिरेचे बंधनच झुगारावे, हा निष्कर्ष निराधार आहे. भाडेकायद्याखाली कब्जा मागण्यासाठी मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 106 ची नोटीस आवश्यक नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांनी 1979 साली ठरविले. राज्यघटनेच्या अनुच्छेद 141 अन्वये ते सर्व न्यायालयांवर बंधनकारक आहे. साताऱ्यात हे मानले आणि सांगलीत मानले नाही, तर कृष्णेच्या काठाने थोडे खाली उतरताच भाडेकरूचा हक्क बदलेल. 1948 पर्यंत सांगलीत पटवर्धनांचे संस्थान असताना अशी तफावत समजण्याजोगी होती, आज ती कशी समर्थावी? शिवाय 1999 च्या कायद्याच्या कलम 34 अन्वये जिल्हा न्यायालयाच्या अपिलातील निर्णयावर पुढे अपील नाही. वस्तुस्थितीवर ज्याचा शब्द जवळजवळ अखेरचा, त्याने विधीच्या बाबतीत स्वैर असून कसे चालेल?

आता दुसऱ्या टोकाच्या मंडळींकडे वळू. हे नजीर मानतात खरे, पण निवाड्यातील एखादे सोयीचे वाक्य तेवढे उचलतात. अपील चालू असता गरज पालटली तर काय, या एकाच प्रश्नावर दोघे वकील परस्परविरुद्ध उतारे वाचतात. सर्वोच्च न्यायालयात न्या. कृष्ण अय्यर यांनी 1975 साली नंतरच्या घटनांची सावधपणे दखल घेण्यास मुभा दिली. त्याच न्यायालयाच्या 1981 च्या निवाड्यात गरज अपिलापर्यंत टिकली पाहिजे असे म्हटले गेले. आणि 2001 साली न्यायालयाने सांगितले की, गरज दावा दाखल झाला त्या दिवशीची पाहावी, नंतरची घटना ती गरज पूर्णपणे झाकोळून टाकणारी असेल तरच विचारात घ्यावी. उतारे भांडतात, तथ्ये मात्र इतकी भांडत नाहीत. 1981 च्या प्रकरणात खटला चालू असतानाच मालकाच्या ताब्यात लगतची दुसरी जागा आली होती. 2001 च्या प्रकरणात ज्या डॉक्टर मुलासाठी दवाखान्याची जागा मागितली, तो मुलगा खटला वर्षानुवर्षे रेंगाळल्यामुळे सरकारी नोकरीत गेला होता. एकाची गरज भागली होती, दुसऱ्याची न्यायालयाच्या दिरंगाईने कुंठित झाली होती. मग दोघांना एकच माप का लावावे?

म्हणून माझे म्हणणे असे की, बंधन असते ते ज्या तथ्यांवर जो सिद्धांत उभारला त्या जोडणीचे, सुट्या वाक्याचे नव्हे. अपिलाच्या न्यायाधीशाने मालकाची गरज कोणत्या तारखेची, मधल्या काळात काय घडले, ते घडल्याने गरज संपली की केवळ लांबली, हे आधी नोंदवावे, आणि मग कोणती नजीर का लागू पडते व दुसरी का पडत नाही, हे कारणांसह लिहावे. वीस निवाड्यांची नुसती यादी देऊन खाली ‘विचारात घेतले’ असा शेरा मारणे म्हणजे काहीच विचारात न घेणे.

18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच बसू लागल्याने सातारा-सांगलीच्या पक्षकारांची मुंबईची खेप वाचली, आणि आता खालच्या चुका लवकर दुरुस्त होतील अशी आशा बोलून दाखविली जाते. ती आशा अवाजवी आहे. पुढे अपील नसल्याने उरतो तो उच्च न्यायालयाचा राज्यघटनेच्या अनुच्छेद 227 खालील अधिकार, आणि तो देखरेखीचा आहे. तेथे पुरावा नव्याने तोलला जात नाही, आणि जिल्हा न्यायाधीशाने तथ्यच नोंदवले नसेल तर प्रकरण बहुधा परत पाठवावे लागते, म्हणजे ज्या गाळ्यासाठी पक्षकार कोल्हापूरपर्यंत गेले, त्याच्याच तारखा पुन्हा साताऱ्यात पडू लागतात.