‘अस्सल’ ख्मेर जेवणात चाम का नाहीत?

दिवाळीच्या सुट्टीत कंबोडियाला जाऊन आले. अंगकोर वाटबद्दल मराठीत भरपूर लिहिलं गेलं आहे, त्यात माझी भर नको. मला लिहायचं आहे ते सिएम रीप शहरातल्या एका संध्याकाळबद्दल आणि त्या संध्याकाळी सतत कानावर पडलेल्या एका शब्दाबद्दल. तो शब्द म्हणजे ‘ऑथेंटिक’. आपल्या भाषेत ‘अस्सल’.

सिएम रीपमध्ये रोज संध्याकाळी खाद्यसफरी निघतात. गाईड पाहुण्यांना टुकटुकमध्ये बसवून चार-पाच ठिकाणी नेतो, प्रत्येक ठिकाणी थोडं थोडं खायला घालतो आणि माहिती सांगतो. आमच्या सफरीच्या जाहिरातीत ‘स्थानिक लोक खातात तसं अस्सल ख्मेर जेवण’ असं लिहिलं होतं. माझा भाचा क्वालालंपूरला नोकरी करतो, तो तिथून येऊन मला भेटला होता. त्यानं बुकिंग केलं आणि आम्हाला डुकराचं मांस चालत नाही, हेही आधीच कळवलं.

सफर वाईट नव्हती, हे आधीच सांगते. गाईड तरुण, हुशार आणि मनापासून बोलणारा होता. त्यानं आम्हाला क्रुएंग दाखवलं. गवती चहाचे देठ, हळद, लसूण, छोटे कांदे, गलांगल नावाचं आल्यासारखं मूळ आणि लिंबाच्या एका जातीची पानं खलबत्त्यात कुटून हे वाटण करतात. ख्मेर स्वयंपाकाचा निम्मा जीव त्यात आहे. मग आमोक खाल्लं: माशाचे तुकडे, नारळाचं दूध आणि क्रुएंग एकत्र करून केळीच्या पानात वाफवलेलं. प्राहोकचा वास घेतला. मासे साफ करून, कुटून, वाळवून, मीठ लावून महिनोन्‌महिने आंबवायचे, त्याचं प्राहोक होतं. सुकटीला सरावलेलं माझं नाकही जरा दचकलं. नोम क्रोक पाहून तर हसूच आलं. बिडाच्या खड्ड्याखड्ड्यांच्या तव्यात तांदळाचं पीठ आणि नारळाचं दूध ओतून केलेले हे आपले आप्पेच. एवढे मासे कुठून येतात, तेही त्यानं छान समजावलं. पावसाळ्यात मेकाँगला इतकं पाणी येतं की टोनले साप नदी उलटी वाहू लागते आणि तिच्या टोकाचं सरोवर कित्येक पटींनी फुगतं. त्या सरोवरावर हा देश जेवतो.

शेवटी आम्ही रस्ता क्रमांक 60 वरच्या रात्रबाजारात गेलो. लोक चटया टाकून, कुटुंबकबिल्यासह जेवायला बसले होते. तिथे तळलेले किडे आणि कोळी होते. गाईडनं एक कोळी हातात धरून सांगितलं, की ख्मेर रूजच्या राज्यात लोक उपाशी मरत होते, तेव्हा जे हलेल ते खायची पाळी आली आणि त्यातून हे खाणं रुळलं, असं म्हणतात. सगळ्यांनी फोटो काढले. मग तळलेलं डुकराचं मांस आलं. आम्ही नको म्हटल्यावर तो सहज बोलून गेला, “पोर्कशिवाय अस्सल ख्मेर जेवणाची मजा नाही, मॅडम.”

मी विचारलं, “मग इथले मुसलमान काय खातात?”

“ते चाम आहेत. त्यांचं जेवण वेगळं. ही ख्मेर जेवणाची सफर आहे.”

त्याच्या मनात काही वाईट नव्हतं. म्हणूनच मला हे जास्त लागलं. इतक्या चांगल्या मुलाला हे इतकं सहज का वाटावं?

2019च्या जनगणनेनुसार कंबोडियात सुमारे दोन टक्के लोक मुसलमान आहेत. त्यातले बहुतेक चाम. आजच्या मध्य आणि दक्षिण व्हिएतनाममध्ये चंपा नावाचं राज्य होतं, त्याचे हे वंशज. 1471मध्ये चंपाची राजधानी विजया पडली, 1832मध्ये उरलंसुरलं राज्यही व्हिएतनामनं गिळलं आणि दरम्यानच्या काळात हे लोक लाटेलाटेनं कंबोडियात आले. म्हणजे कित्येक शतकं ते इथलेच आहेत. 17व्या शतकात तर कंबोडियाच्या एका राजानंच, रामाधिपती पहिल्यानं, इस्लाम स्वीकारून इब्राहिम हे नाव घेतलं होतं. स्वातंत्र्यानंतर सिहानुक यांच्या राजवटीत चाम लोकांना नावच दिलं गेलं ‘ख्मेर इस्लाम’. सरकारी कागदावर ख्मेर, पण ताटात ख्मेर नाहीत, हा कुठला न्याय?

आणि ताटात ते खरंच नाहीत का? टोनले साप आणि मेकाँगवर पिढ्यान्‌पिढ्या मासेमारी करणाऱ्यांत चाम आहेत. बौद्ध माणूस जनावर कापायला कचरतो, म्हणून गुरांचा आणि बीफचा व्यापार पुष्कळ ठिकाणी चाम लोकांच्याच हातात आहे. ‘अस्सल’ आमोकमधला मासा आणि ‘अस्सल’ लोक लाकमधलं बीफ कुणाच्या हातून आलं, हे त्या सफरीत कुणी सांगत नाही.

यावर उत्तर मिळतं की तीन तासांत सगळं कसं दाखवणार? बहुसंख्य लोक खातात ते दाखवलं. हे मला पटलं असतं, पण त्याच सफरीत आम्हाला पाव खायला घातला, तो फ्रेंचांनी आणलेला. क्विटिओ नावाच्या शेवया खायला घातल्या, त्या चिनी लोकांनी आणलेल्या. लोक लाकचं नातं व्हिएतनामी पदार्थाशी आहे. मिरची तर पोर्तुगीजांच्या जहाजांतून आशियात आली. हे सगळं ख्मेर झालं, आनंदच आहे. राज्यकर्त्या फ्रेंचाचा पाव शंभरेक वर्षांत अस्सल होतो आणि शेजारच्या गल्लीतल्या चाम बाईची हंडी शतकांनंतरही ‘वेगळी’ राहते, तेव्हा प्रश्न तीन तासांचा उरत नाही. लोकप्रिय म्हणा, नेहमीचं म्हणा, माझी तक्रार नाही. अस्सल म्हणाल, तर यादीतून कुणाला वगळलं त्याचा जाब द्यावा लागेल.

दिवसा मी बायोन मंदिराच्या भिंती पाहिल्या होत्या. त्यावर चाम सैनिक कोरलेले आहेत. बाराव्या शतकात चंपानं अंगकोरवर हल्ला केला होता, त्या लढायांची ती शिल्पं. तेव्हाचे चाम मुसलमान नव्हते, ही गोष्ट वेगळी. त्याच भिंतींवर बाजार आहे, चुली आहेत, रांधणारी माणसं आहेत. दिवसाच्या सफरीत चाम भेटतात ते शत्रू म्हणून. संध्याकाळच्या जेवणाच्या सफरीत मात्र ते भेटतच नाहीत.

आता त्या कोळ्याकडे परत येते, कारण माझा खरा राग तिथे आहे. भुकेची गोष्ट सांगायचीच असेल तर पुरी सांगावी. 1975 ते 1979 या काळात ख्मेर रूजनं सुमारे 17 ते 20 लाख माणसांचा जीव घेतला. घरातल्या चुली बंद केल्या. सगळ्यांनी सामुदायिक भोजनगृहात जेवायचं आणि तिथे मिळायची पाण्यासारखी भाताची पेज. हे सगळ्यांच्या वाट्याला आलं. चाम लोकांच्या वाट्याला याशिवाय आणखी काही आलं. त्यांची भाषा बंद, नमाज बंद, बायकांचे केस कापायला लावले, कुराणाच्या प्रती गोळा करून जाळल्या, मशिदींत डुकरं ठेवली. आणि त्यांना डुकराचं मांस खायला भाग पाडलं. जो खात नाही तो क्रांतीचा शत्रू. कोह फाल आणि स्वाय ख्लेआंग या मेकाँगकाठच्या गावांनी 1975मध्ये बंड केलं. ते चिरडल्यावर कोह फालचं, म्हणजे सुगीच्या बेटाचं, नाव कोह फेस, म्हणजे राखेचं बेट, असं ठेवण्यात आलं. किती चाम मेले याचे अंदाज वेगवेगळे आहेत. इतिहासकार बेन किएर्नन सुमारे 90 हजार म्हणतात, तर स्वतः चाम असलेले अभ्यासक यसा उस्मान चार ते पाच लाख म्हणतात. 2018च्या नोव्हेंबरमध्ये न्यायाधिकरणानं ख्मेर रूजचा दुसऱ्या क्रमांकाचा नेता नुओन चिआ याला चाम लोकांच्या वंशसंहाराबद्दल दोषी ठरवलं.

त्या कोवळ्या गाईडची तुलना मी या खुन्यांशी करत नाही. तशी तुलना करणं पाप होईल. माझं म्हणणं एवढंच, की ज्या देशात डुकराचं मांस नाकारल्याबद्दल माणसं मारली गेली, तिथे पाहुण्यांना भुकेची गोष्ट सांगताना कोळी आठवतो आणि ते ताट आठवत नाही, हे चुकीचं आहे. आणि लगेच पुढच्या वाक्यात ‘पोर्कशिवाय अस्सल नाही’ म्हणणं तर फारच चुकीचं आहे.

आता आपल्याकडे वळते. बाजारातून निघाल्यावर भाचा मोबाइलमध्ये बघत म्हणाला, “खाला, चला, जवळ एक इंडियन हॉटेल आहे. हलाल आहे. बिर्याणी मिळेल.”

मी त्याला म्हटलं, “अरे, बिर्याणी तर घरी गेल्यावर खायचीच आहे. इथल्या मुसलमानांच्या घरी काय शिजतं, ते बघावंसं वाटत नाही का तुला?”

आपल्या लोकांचं हेच होतं. आपण कुठेही गेलो की पहिला आणि शेवटचा प्रश्न एकच, हलाल मिळेल का? प्रश्न रास्त आहे, मीही विचारते. पण तो आपल्या ताटापुरता असतो. हलाल रांधणारा तिथला माणूस कोण, तो इथे कसा जगला, हे विचारायला आपण थांबत नाही. माणसांच्या वेगवेगळ्या जमाती एकमेकांची ओळख व्हावी म्हणून आहेत, ही शिकवण आपण तकरिरीत ऐकतो आणि विमानात बसताना विसरतो.

दुसऱ्या दिवशी आम्ही सिएम रीपच्या मशिदीच्या मोहल्ल्यात गेलो. एका छोट्या खाणावळीत सारामान खाल्लं. भाजलेलं खोबरं, शेंगदाणे, दालचिनी, वेलदोडे, चक्रीफूल आणि त्यात तेच क्रुएंग घालून शिजवलेलं बीफ. थायलंडच्या मसामान करीचं हे भावंडं. पहिल्या घासाला मला वाटपाच्या मटणाची आठवण झाली, दुसऱ्या घासाला गवती चहा लागला आणि कळलं, की हे आपलं नव्हे, इथलंच आहे. खाणावळीच्या मालकीणबाई मलेशियात काही वर्षं राहून आल्या होत्या, त्यामुळे भाच्याची आणि त्यांची मलय भाषेत गट्टी जमली. मी त्याच्याकरवी विचारलं, हे जेवण चाम की ख्मेर? त्या हसल्या. म्हणाल्या, “क्रुएंगशिवाय सारामान होत नाही आणि सारामानशिवाय आमचं लग्न होत नाही. आता तुम्हीच ठरवा.”

बाईंना दुसऱ्या बाजूचाही अनुभव होता. 1990नंतर बाहेरच्या देशांतून पैसा आणि प्रचारक आले. त्यांनी मशिदी बांधल्या, मदरसे उभारले, शिष्यवृत्त्या दिल्या, ते ठीकच. पण त्यांच्यातले काही जण सांगू लागले, की तुमच्या चालीरीती अस्सल इस्लामी नाहीत. चाम लोकांमध्ये इमाम सान नावाचा एक पंथ आहे, ते जुन्या रीतीनं शुक्रवारी सामूहिक नमाज पढतात आणि आपली जुनी चाम लिपी जपतात. त्यांच्याकडे तर बोट दाखवूनच बोललं जातं. म्हणजे एकाच्या लेखी चाम अस्सल ख्मेर नाहीत, दुसऱ्याच्या लेखी अस्सल मुसलमान नाहीत. शब्द दोन्हीकडे तोच.

इथे मला परदेशात असल्यासारखं वाटेना. मी उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवते. उर्दूच्या जलशात पाहुणे सांगतात, तुमच्या मुलांची उर्दू अस्सल नाही, तिला मराठीचा वास येतो. मराठीच्या कार्यक्रमात कौतुक होतं, मुसलमान असून किती छान मराठी बोलता! एका शाळेत महाराष्ट्राच्या खाद्यसंस्कृतीचं प्रदर्शन होतं. माझ्या एका विद्यार्थिनीनं आईकडून सांदण आणि मटण करून आणलं होतं. ते ‘इतर’ असं लिहिलेल्या टेबलावर मांडलं गेलं. ‘अस्सल महाराष्ट्रीय’ टेबलावर साबुदाण्याची खिचडी आणि बटाटेवडे होते. साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो आणि बटाटा, दोन्ही दक्षिण अमेरिकेतले. ती मुलगी काही बोलली नाही. तेव्हा मीही काही बोलले नाही, याची आज लाज वाटते.

म्हणून दोन्हीकडच्या लोकांना माझं सांगणं आहे. सफरीवाल्यांनो, एक थांबा वाढवा. सिएम रीपमध्ये त्यासाठी दहा मिनिटं टुकटुक चालवावी लागते, इतकंच. चाम लोकांना तमाशा म्हणून दाखवू नका, क्रुएंगचा आणखी एक घरमालक म्हणून त्यांची ओळख करून द्या. आणि ते जमत नसेल, तर जाहिरातीतून ‘अस्सल’ काढा. त्या शब्दावाचून तुमचा आमोक बेचव होणार नाही.

आणि आपण, मराठी मुसलमानांनी, हा शब्द दुसऱ्यावर फेकताना तरी जीभ आवरावी. कुणाचा इस्लाम अस्सल, कुणाची उर्दू अस्सल, कोकणी खरा की दखनी खरा, हे ठरवण्यात आपल्या पिढ्या गेल्या. ज्यांना रोज ‘इतर’च्या टेबलावर बसवलं जातं, त्यांनी तरी आपल्या घरात तसलं टेबल मांडू नये.

त्या विद्यार्थिनीला मी परत आल्यावर फोन केला. ती आता कॉलेजात आहे. सारामानची गोष्ट सांगितली. तिनं विचारलं, “मॅडम, त्यात खोबरं ओलं की सुकं?” मी तिला म्हटलं, पुढच्या प्रदर्शनाला तू पाहुणी म्हणून ये, सांदण घेऊन ये. टेबलावरची पाटी यावेळी मी लिहीन.