रात्री पंप बंद करण्याआधी

घरात माशांची काचपेटी आली की पहिले काही दिवस सगळ्यांचे लक्ष माशांकडे असते. पंपाकडे लक्ष जाते ते रात्री अकरानंतर. दिवसभर रस्त्यावरची वाहने, कुकरच्या शिट्ट्या आणि टीव्ही यांच्याखाली दबलेली घरघर दिवे मालवल्यावर एकदम पुढे येते. पंपाचा आवाज वाढलेला नसतो, भोवतालचा ओसरलेला असतो. पण पाठ टेकलेल्या माणसाला या फरकाचे काय? शहरातल्या कित्येक घरांत पेटी ज्या हॉलमध्ये असते तिथेच रात्री गाद्या पडतात. मग कोणीतरी उठते आणि बटण बंद करते, सकाळी पुन्हा चालू. हा उपाय फुकटचा, झटपट आणि सर्रास चालणारा. तरीही पंपावर चालणाऱ्या पेटीत आवाजावरचे बाकी सगळे उपाय करून पाहावेत, हा एक सोडून, असे आमचे म्हणणे आहे.

याचे कारण पेटीतल्या रात्रीत आहे. दिवसा उजेडात पाणवनस्पती आणि काचेवरचे शेवाळ प्राणवायू सोडतात. अंधार पडला की ते बंद होते आणि माशांप्रमाणे वनस्पतीही प्राणवायू नुसताच घेत राहतात. त्यामुळे पाण्यातला साठा रात्रभर उतरत जातो आणि पहाटे सर्वांत कमी होतो. मुळात हा साठा तुटपुंजाच असतो. एक लिटर हवेत प्राणवायू पावणेतीनशे मिलिग्रॅमच्या आसपास असतो. २५ अंश सेल्सिअसच्या गोड्या पाण्यात, एका लिटरमागे, तो फार तर सव्वाआठ मिलिग्रॅम मुरतो. पाणी ३० अंशांवर गेले की साडेसात. विदर्भ-मराठवाड्याच्या उन्हाळ्यात पेटीचे पाणी याहूनही तापते, आणि पाणी तापले की माशांची गरज उलट वाढते. त्यातून पेटीला स्पंज फिल्टर असेल तर पंपाच्या हवेवरच तो चालतो. माशांच्या विष्ठेतून सुटणारा अमोनिया पचवणारे जिवाणू त्या स्पंजात राहतात आणि त्यांनाही वाहते, प्राणवायू असलेले पाणी लागते. रोज सात-आठ तास पंप बंद ठेवणे म्हणजे नेमक्या टंचाईच्या वेळी पुरवठा तोडणे. मासे लगेच मरत नाहीत, म्हणून सवय टिकते. पहाटे तोंड पृष्ठभागाशी आणून उघडझाप करणारे मासे मात्र बहुतेकांनी पाहिलेले असतात आणि ‘खायला मागतायत’ अशी त्यांची समजूत झालेली असते.

तेव्हा आवाजाकडेच वळू. दुकानात मिळणाऱ्या साध्या हवेच्या पंपात फिरणारे असे काही नसते. तारेचे एक वेटोळे, त्याच्यासमोर एका दांडीच्या टोकाला बसवलेले चुंबक, त्या दांडीला जोडलेला रबरी पडदा आणि हवा एकाच दिशेने जाऊ देणाऱ्या दोन-तीन झडपा, एवढाच संसार. आपल्याकडची वीज सेकंदाला ५० वेळा दिशा बदलून पूर्ववत येते. तिच्याबरोबर दांडी तितकेच हेलकावे खाते आणि पडदा भात्यासारखा हवा ढकलतो. म्हणजे कंप हा या यंत्राचा दोष नसून कामच आहे. त्या ५० आवर्तनांचा मूळ स्वर आपल्या कानाला तसा मंदच लागतो. त्रास देतात त्याच्या १००, १५०, २०० अशा पटी. आणि त्या आपल्यापर्यंत येतात त्या पंपातून थेट फार कमी.

तंबोऱ्याची तार भोपळ्याशिवाय छेडली तर शेजारच्यालाही नीट ऐकू येणार नाही. तिचा कंप भोपळ्यावरच्या तबलीला पोचतो, ती मोठा पृष्ठभाग घेऊन हवा हलवते आणि खोली भरते. हातात मावणाऱ्या पंपाला ही तबली आपण स्वतःच पुरवतो. प्लायवूडचे पोकळ कपाट, पेटीचे पत्र्याचे झाकण, भिंतीला टेकलेली शोकेस. पंप हातात उचलून धरा. घरघर एकदम उतरली तर तक्रार पंपाची नसून त्याखालच्या लाकडाची आहे, एवढे निदान अर्ध्या मिनिटात होते. हातात धरूनही तितकाच खडखडला तर दांडी सरकली आहे किंवा रबर गेले आहे. मग खाली काहीही अंथरून उपयोग नाही.

लोक करतात ते नेमके उलटे. पंपाला टॉवेल गुंडाळतात, बुटाच्या खोक्यात कोंडतात, खोक्याला आतून थर्माकोल लावतात. सेकंदाला १०० आवर्तनांच्या ध्वनीची लांबी हवेत सुमारे ३.४ मीटर असते. बोटभर जाडीच्या कापडाने तो शोषला जाण्याची आशा नाही. खोक्याचा तळ मात्र कपाटाला टेकलेलाच राहतो, त्यामुळे कंपाची वाट मोकळी ती मोकळीच. वर वेटोळ्याची उष्णता आत कोंडते आणि रबर लवकर कडक होते. चोवीस तास विजेवर चालणारी वस्तू कापडात गुंडाळून ठेवणे हा प्रकार आवाजाचा प्रश्न नसता तरी आम्ही करू नका म्हटले असते.

खाली स्पंज ठेवणे बरोबर, पण तिथेही एक मेख आहे. असले पंप वजनाने हलके. जाड रबराच्या तुकड्यावर असा पंप ठेवला तर रबर जराही दबत नाही आणि न दबलेले रबर जवळजवळ लाकडासारखेच वागते, कंप खाली जाऊ देते. कंप अडवायचा तर वरचे वजन जास्त हवे आणि खालचा आधार मऊ. म्हणून सर्वांत स्वस्त आणि आमच्या मते सर्वांत चांगली युक्ती अशी: शहाबादी किंवा कडाप्प्याचा वीतभर तुकडा घ्यावा, त्याखाली गादीतल्या फोमचा दोन-तीन बोटे जाड चौकोन घालावा आणि फरशीवर पंप ठेवावा. फरशीच्या वजनाने फोम थोडा दबतो, सगळी जोडी सावकाश डुलणारी होते आणि जलद कंप तिच्यातून खाली उतरत नाही. फोम पूर्ण चेपला गेला तर फरशी जास्त जड झाली. लहान तुकडा घ्यावा. दुसरा मार्ग टांगण्याचा. इलॅस्टिकच्या पट्टीने हुकाला लटकवलेला पंप कशालाच टेकत नाही. फक्त तो उघड्या पाण्याच्या वर टांगू नये. पट्टी आज ना उद्या सैल होते आणि २३० व्होल्टचे उपकरण पाण्यात पडल्यावर आवाज हा सर्वांत लहान प्रश्न उरतो.

पंप पेटीपेक्षा खालच्या कप्प्यात ठेवल्यास वीज गेल्यावर पाणी नळीतून उलटे उतरून पंपात आणि तिथून जमिनीवर येऊ शकते. एवढ्यासाठी नळीत नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह बसवावा. प्लंबर टाकीच्या पाइपला एनआरव्ही लावतात त्याचीच ही छोटी आवृत्ती, किंमत किरकोळ. तो उलटा बसवला तर हवाच जात नाही, म्हणून आधी फुंकून पाहावे.

इतके करूनही गुणगुण उरली तर नळी तपासावी. नळीतली हवाही ठोक्याठोक्याने जात असते आणि कडक नळी कपाटाच्या मागच्या पातळ फळीला कुठेतरी टेकलेली असते. तिथे बोट लावले की कळते. मऊ सिलिकॉनची, थोडी लांब नळी आणि वाटेत कशालाही न टेकणारा वळसा, एवढ्यावर बऱ्याचदा भागते. काही जण नळीच्या मध्ये घट्ट झाकणाची छोटी रिकामी बाटली बसवतात. झाकणातून एक नळी आत, एक बाहेर. ठोके त्या पोकळीत मुरतात. दिसायला ओबडधोबड, पण चालते.

मग येतो बोजा. पंपाला हवा पाण्याखाली ढकलायची असते आणि दर दहा सेंटिमीटर खोलीला सुमारे एक किलोपास्कल दाब सोसावा लागतो. त्यात एअर स्टोनची, म्हणजे नळीच्या टोकाच्या सच्छिद्र दगडाची, भर. बोअरचे जड पाणी असेल तर दगडाच्या छिद्रांत क्षार बसतात, शेवाळ चढते. बुडबुडे महिन्यागणिक कमी होतात आणि पंप महिन्यागणिक जास्त कण्हतो. जुना दगड काढून नुसती नळी पाण्यात सोडून पाहावी. आवाज उतरला तर गुन्हेगार सापडला. असला दगड व्हिनेगरमध्ये भिजवून, धुऊन, वाळवून काही काळ चालतो. नवा घेणे अधिक सुटसुटीत. हवा जास्त वाटते म्हणून नळीवरचा कॉक आवळणे ही याच जातीची चूक. कोंडलेली हवा पडद्यावर उलटा दाब देते, पंप तापतो, आवाज वाढतो आणि रबर फाटते. जादा हवा असेल तर टी बसवून ती बाहेर सोडावी किंवा ज्याच्यावर वेग कमी करण्याचे बटण आहे असा पंप घ्यावा.

बुडबुड्यांचा आवाज ही वेगळी गोष्ट आहे आणि काहींना तो आवडतोही. नेदरलँड्सचे शास्त्रज्ञ मार्सेल मिनार्ट यांनी १९३३ साली दाखवून दिले की, पाण्यात सुटणारा बुडबुडा स्वतः आकुंचन-प्रसरण पावत एक ठरावीक स्वर काढतो आणि तो स्वर त्याच्या आकारावर ठरतो. एक मिलिमीटर त्रिज्येच्या बुडबुड्याचा स्वर सेकंदाला सुमारे ३,२६० आवर्तनांचा. तीन मिलिमीटरचा, त्याच्या एक-तृतीयांश. मोठे बुडबुडे खालच्या पट्टीत डुबडुबतात, वर येऊन फुटताना पाणी उडवतात आणि झाकणाखालच्या पोकळीत ते घुमते. दगड बारीक छिद्रांचा घेतला तर तीच हवा फुसफुशीवर येते. स्पंज फिल्टरच्या उभ्या नळीचे तोंड पाण्याच्या वर असेल तर ती रात्रभर गुळण्या करते; तोंड पृष्ठभागाच्या जरासे खाली आणावे, नळीत तळाशी छोटा दगड घालावा. उन्हाळ्यात बाष्पीभवनाने पाणी दोन बोटे उतरते आणि काठावर टांगलेल्या फिल्टरची धार उंचावरून पडू लागते. आवाज अचानक वाढल्याची ही तक्रार तांब्याभर पाण्याने मिटते. अर्थात क्लोरीन गेलेल्या.

आतापर्यंत झोप आपलीच धरली. पण पंपाचे बूड काचेला टेकलेले असेल तर कंप पाण्यातही उतरतो आणि पाण्यात कोणी बहिरे नसते. गोल्डफिश, बार्ब, डॅनिओ, कॅटफिश यांच्या पोटातल्या हवेच्या पिशवीपासून कानापर्यंत चिमुकल्या हाडांची साखळी असते. तिच्यामुळे त्यांचे ऐकणे इतर बऱ्याच माशांपेक्षा तीक्ष्ण असते. नेमके हेच मासे आपल्याकडच्या घरगुती पेट्यांत सर्वाधिक दिसतात. पंप काचेपासून वेगळा करण्याला एवढे एक कारणही पुरे.

यापुढचा प्रश्न दुकानदार सहसा विचारत नाहीत: पंप हवाच आहे का? पाण्यात प्राणवायू मुरतो तो मुख्यतः पृष्ठभागातून. बुडबुड्यांचे मोठे काम म्हणजे तळाचे पाणी वर आणणे आणि पृष्ठभाग हलता ठेवणे. तेच काम पाण्याच्या फिल्टरचे तोंड वर वळवून होत असेल, पेटी रुंद असेल आणि मासे मोजके असतील तर हवेचा पंप कायमचा काढून ठेवता येतो. फायटर आणि गुरामी तर पृष्ठभागावर येऊन थेट हवा घेऊ शकतात. त्यांना जोराचे बुडबुडे नकोसेच होतात. याउलट दीड फुटाच्या पेटीत सात-आठ गोल्डफिश कोंबले असतील तर तिथे पंपाचा आवाज हा गर्दीचा आवाज आहे. मासे कमी करावेत. ‘रात्री बंद, दिवसा चालू’ हा मधला मार्ग मात्र दोन्ही प्रकारांत बसत नाही: ज्या पेटीला पंप लागत नाही तिला दिवसाही लागत नाही आणि जिला लागतो तिला रात्री जास्त लागतो.

उत्पादकांकडूनही थोडी अपेक्षा आहे. पंपाच्या खोक्यावर ‘सायलेंट’ हा शब्द मोठ्या अक्षरांत असतो. किती डेसिबल, किती अंतरावरून, कसल्या पृष्ठभागावर ठेवून मोजले, हे सहसा नसते. २०००च्या ध्वनिप्रदूषण नियमांत निवासी भागासाठी रात्री दहा ते सहा ही ४५ डेसिबलची मर्यादा आहे, पण ती परिसराची. झोपायच्या खोलीत ३० डेसिबलच्या वर जाऊ नये असे जागतिक आरोग्य संघटनेने १९९९ मध्ये सुचवले होते. डेसिबलचे माप दहाने चढले की ध्वनीची ऊर्जा दहापट होते, हे लक्षात घेतले तर या दोन आकड्यांतले अंतर केवढे आहे ते समजते. झोपेच्या खोलीत रात्रंदिवस चालणाऱ्या वस्तूवर हा आकडा छापणे अवघड नाही.

तो छापला जाईपर्यंत गिऱ्हाईकाने स्वतःच्या कानावर भरवसा ठेवावा. दुकानदार पंप चालू करून हातात देतो आणि हातात तो शांतच असतो, कारण तळहातासारखा मऊ आधार नाही. त्याऐवजी तो काउंटरच्या लाकडी फळीवर ठेवायला सांगावे, नळीचे टोक पाण्याच्या बादलीत तळापर्यंत सोडावे आणि मग ऐकावे. त्या पंपाचा रबरी पडदा सुटा मिळतो का, हेही तेव्हाच विचारावे. मिळत असेल तर दोन घेऊन ठेवावेत.