चेंडू कुठल्या चौकोनात?

मैत्रिणींनो, या पानावर मी तुम्हाला कधी आमसुलं टिकवायची युक्ती सांगितली, कधी मुलांच्या शुद्धलेखनाचं रडगाणं ऐकवलं. आजचा विषय वाचून हसाल. आज फुटबॉल! पण पान उलटू नका. घरात कुणा वडीलधाऱ्याची दृष्टी मंदावली असेल, किंवा तुम्हाला स्वतःला नारळ खवता खवता सामना ऐकायची हौस असेल, तर हे तुमच्याच कामाचं आहे.

आमचे मामंजी मुंबईला गोदीत नोकरीला होते. लालबागला खोली आणि जिवाला फुटबॉलचं वेड. १८९१ साली सुरू झालेली रोव्हर्स कप स्पर्धा कूपरेजच्या मैदानावर भरायची. कलकत्त्याचे मोहन बगान, ईस्ट बंगाल, गोव्याचे साळगावकर, डेंपो हे सगळे त्यांनी तिथे डोळे भरून पाहिलेले. मूळचा गोव्याचा आणि मुंबईत खेळणारा नेव्हिल डिसूझा, ज्याने १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रेलियावर तीन गोल केले, त्याचं नाव निघालं की मामंजींची चहाची कपबशी तशीच निवत राही. स्पर्धा २००१ नंतर भरलीच नाही. मामंजीही निवृत्त होऊन दाभोळला आले, आणि हळूहळू काचबिंदूने त्यांची नजर खाल्ली. आधी बाजूचं दिसेनासं झालं, मग समोरचंही धूसर. काचबिंदूने गेलेली नजर परत येत नाही, हे डॉक्टरांनी स्पष्टच सांगितलं. (घरात कुणाला काचबिंदू असेल तर बाकीच्यांनी चाळिशीनंतर डोळ्यांचा दाब तपासून घ्यावा. आमच्याकडे ह्यांना दोनदा ढकलून न्यावं लागलं, ते सोडा.)

आता मी अपराधाची गोष्ट सांगते. १८ डिसेंबर २०२२, रविवारची रात्र. कतारला विश्वचषकाचा अंतिम सामना, अर्जेंटिना आणि फ्रान्स. आमच्या ओटीवर टीव्हीपुढे अर्धी आळी जमलेली. मामंजी आरामखुर्चीत, कान टीव्हीकडे. अर्जेंटिना दोन गोलांनी पुढे होती. मग ऐंशीव्या मिनिटाला एम्बापेचा पेनल्टीवर गोल आणि दुसऱ्याच मिनिटाला आणखी एक! सगळे उड्या मारताहेत, टीव्हीवरचा समालोचक नुसता नाव घेऊन ओरडतोय, आणि मामंजी विचारताहेत, "कुणी मारला? काय झालं?" एकदा विचारलं, दोनदा विचारलं. मी स्वतः तिथे होते. मीसुद्धा "थांबा हो मामंजी" म्हणाले. थोड्या वेळाने पाहिलं तर खुर्ची रिकामी. ते भिंतीला धरून आत जाऊन निजले होते. नंतरच्या जादा वेळातले गोल, मेस्सीचा, पुन्हा एम्बापेचा, मग पेनल्टीवर अर्जेंटिनाचा विजय, यातलं त्यांना काही ठाऊकच नाही. त्यानंतर त्यांनी सामन्याचं नाव काढणं सोडलं. सासूबाई म्हणाल्या, "आता कसला खेळ नि काय, वय झालं." मला ते वाक्य टोचत राहिलं. वय कशाला मधे आणायचं? आम्ही त्यांना सांगितलं नव्हतं, एवढंच.

मग मी विचार केला, की हेच मामंजी ट्रान्झिस्टरवर क्रिकेट कसं ऐकत? बाळ ज. पंडितांचं मराठी धावतं वर्णन ऐकत ते जेवत. तेव्हा त्यांना दिसायचं, पण रेडिओवर तसंही कुणालाच दिसत नसे. फरक इथे आहे. रेडिओवरचा समालोचक ऐकणाऱ्यासाठी बोलतो. चेंडू कुठे, कुणापाशी, किती वेळ झाला. टीव्हीवरचा माणूस पाहणाऱ्यासाठी बोलतो. चित्र दिसतंच आहे असं धरून तो मधे गप्प बसतो, नाहीतर कुणाच्या तरी जुन्या दुखापतीची कथा लावतो. दिसत नसलेल्या माणसापुढे टीव्हीचा आवाज मोठा करून ठेवणं म्हणजे भुकेल्याला ताटाचा वास देणं.

म्हणून पहिली गोष्ट, जिथे खास ऐकण्याचं समालोचन मिळतं तिथे ते घ्या. क्रिकेटच्या मोठ्या सामन्यांना आकाशवाणीवर हिंदी-इंग्रजी वर्णन मिळतं. आमच्या जिल्ह्यात रत्नागिरी केंद्र १९७७ पासूनचं, त्यामुळे घरोघरी एखादा संच माळ्यावर असतोच. मध्यम लहरींवर खरखर होत असेल तर एरिअल ओढत बसू नका. त्या लहरींसाठीची कांडी संचाच्या पोटात आडवी असते, म्हणून संचच हळूहळू फिरवून पाहा. एका दिशेला आवाज स्वच्छ होतो. एफएमसाठी मात्र बाहेरचं एरिअल. आणि खरखर तरीही जात नसेल तर जवळचा एलईडी दिवा, मोबाइलचा चार्जर, इन्व्हर्टर बंद करून बघा. आमच्याकडे पडवीतला दिवाच चोर निघाला.

फुटबॉल मात्र रेडिओवर क्वचित सापडतो. तिथे मोबाइलला शरण जावं लागतं. आकाशवाणीची केंद्रं 'न्यूज ऑन एआयआर' या ॲपवर ऐकू येतात, आणि इंग्लंडमधले कित्येक क्लब आपल्या ॲपवर नुसत्या आवाजाचं समालोचन देतात. ते इंग्रजीत असतं. गोदीत साहेबांशी बोललेल्या मामंजींना ते जमतं, मला अर्धंच कळतं. आवाजाला डेटा फार लागत नाही. ६४ केबीपीएसचं प्रसारण असेल तर तासाला साधारण २९ एमबी, म्हणजे अख्खा सामना साठ एमबीच्या आत. चित्र घेतलंत तर त्याच्या कितीतरी पट. दिवसाचा डेटा मुलाच्या गृहपाठासाठी राखायचा असेल, तर हा हिशेब लक्षात ठेवा.

आमचं दाभोळ डोंगराच्या पायथ्याशी, खाडीच्या काठी. माजघरात रेंजची एक काडी, पडवीत तीन. म्हणून फोन पडवीच्या कठड्यावर आणि छोटा ब्लूटूथ स्पीकर मामंजींच्या उशाशी. स्पीकर नसेल तर फोन लाकडी परातीत उभा ठेवा. लोक स्टीलच्या पातेल्यात ठेवतात, आवाज मोठा येतो पण शब्द घुमतात.

आणि आता माझी खरी युक्ती. माझी कसली, शंभर वर्षांपूर्वीची आहे. जानेवारी १९२७ मध्ये बीबीसीने खेळांचं थेट वर्णन सुरू केलं. आधी रग्बीचा सामना झाला. त्या वेळी समालोचक वेकलम यांच्यासमोर निर्मात्याने एक अंध गृहस्थ आणून बसवले, आणि त्यांना समजेल असंच बोलायला सांगितलं. आठवड्याने, २२ जानेवारीला, आर्सेनल आणि शेफील्ड युनायटेड यांचा फुटबॉल सामना. त्यासाठी 'रेडिओ टाइम्स' साप्ताहिकात मैदानाचा नकाशा छापला होता, आठ चौकोनांत विभागलेला. वेकलम खेळ सांगत आणि दुसरा माणूस मधेमधे नुसता आकडा म्हणे, चेंडू ज्या चौकोनात असेल त्याचा. लोक घरी नकाशा मांडीवर घेऊन ऐकत.

हे वाचलं आणि मी साडीच्या खोक्याचं झाकण काढलं. त्यावर फेविकॉलने सुतळी चिकटवून आठ चौकोन केले. आपल्या गोलापाशी १ आणि २, मग ३-४, ५-६, आणि समोरच्या गोलापाशी ७-८. डाव्या हाताला विषम, उजव्या हाताला सम. मधली रेघ दुहेरी सुतळीची, म्हणजे बोटाला कळते. गोलांच्या जागी आगकाडीचे तुकडे (गुल काढून टाका). चेंडू म्हणजे ह्यांच्या जुन्या कोटाचं बटण. गोंद रात्रभर सुकू द्या. मी घाई केली आणि मामंजींच्या बोटाला अर्धं मैदान चिकटलं. मध्यांतरानंतर संघ बाजू बदलतात तेव्हा आकडे बदलायचे नाहीत, झाकणच उलट फिरवायचं.

सातवीतला आमचा मुलगा टीव्ही किंवा मोबाइल पाहून आकडे सांगतो. "चार... सहा... परत चार... सहा, आठ!" मामंजी बटण सरकवतात. पहिल्या दिवशी पोराला दम लागला. आम्ही मग नियम ठरवले. आधी चेंडू कुणाकडे, मग आकडा, मग काय झालं. दर पाच मिनिटांनी वेळ आणि गोल. आणि सगळ्यात मोठा नियम, जो आम्ही त्या रात्री मोडला होता: गोल झाला की आधी कुणाचा ते सांगायचं, मग ओरडायचं.

एक सावधगिरी. मोबाइलवरचं प्रसारण खऱ्या खेळापेक्षा मागे असतं, कधी अर्धा मिनिट, कधी जास्त. शेजारी छत्रीचा टीव्ही असेल तर त्यांच्याकडचा गोल तुमच्या आधी होतो आणि ओरडण्यावरून सगळं फुटतं. म्हणून टीव्हीचं चित्र आणि मोबाइलचा आवाज अशी जोडी लावू नका. आकडे एकीकडचे, वर्णन दुसरीकडचं असा गोंधळ होतो.

आता माझा स्वार्थ. माझं माहेर कोल्हापूर, शिवाजी पेठ. तिथे फुटबॉल हा तालमींचा खेळ. पाटाकडील तालीम, दिलबहार, खंडोबा, बालगोपाल. नावं कुस्तीच्या आखाड्यांची आणि संघ फुटबॉलचे! २०१७ साली भारतात सतरा वर्षांखालील मुलांचा विश्वचषक झाला, त्यात भारताकडून खेळलेला अनिकेत जाधव कोल्हापूरचाच. लग्नानंतर माझा हा सगळा खेळ सुटला होता. हल्ली शाहू स्टेडियमवरचे सामने यूट्यूबवर थेट दिसतात, समालोचन आपल्या मराठीत. मामंजींना आधी वाटलं, गावातल्या पोरांचा खेळ तो काय. दुसऱ्या सामन्यापासून त्यांनी पाटाकडीलची बाजू धरली, ती केवळ मी विरुद्ध बाजूची म्हणून. तिथे एकच अडचण, यूट्यूब पडदा बंद केला की आवाजही बंद. म्हणून चित्र सगळ्यात हलक्या दर्जाचं लावा, उजेड कमी करा, आणि चार्जर लावून ठेवा.

दुसरी अडचण फोन येण्याची. गेल्या मोसमात असाच सामना रंगात आला होता. शाळेच्या वह्या मांडीवर, लाल पेन हातात, मुलगा म्हणतोय "सात, आठ, सात" आणि नेमका त्याच फोनवर स्टेडियममधून दादाचा फोन. प्रसारण बंद. दादा ओरडतोय, "अगं गोल झाला की!" मी चिडून फोन ठेवणार, तोच मामंजींनी हात पुढे केला.

"दादासाहेब, फोन ठेवू नका. कुणी मारला? चेंडू आता कुठल्या चौकोनात?"

"कसला चौकोन, मामा?"

मामंजींनी त्याला तिथल्या तिथे समजावलं. आपला गोल एक-दोन, समोरचा सात-आठ, डावीकडे विषम. आणि पुढची पंचवीस मिनिटं माझा भाऊ त्या गोंगाटात उभा राहून दाभोळला आकडे सांगत होता. मधे आजूबाजूची माणसंही ओरडायला लागली असावीत, कारण मामंजी म्हणाले, "एकेकाने बोला रे." सासूबाई भाकऱ्या टाकून बाहेर आल्या, आणि पदराला हात पुसत त्यांनी मलाच विचारलं, "किती झाले गं?"

बटण तेवढं हरवलं आहे. सध्या चिंचोका वापरतो.